जखम कशाने झाली, तेही लिहा

एस०१.११२ए. डाव्या पापणीवर किंवा डोळ्याच्या लगत चिरलेली जखम, आत काच-खडा काही राहिलेलं नाही, उपचार सुरू आहेत, एवढा सगळा मजकूर या सात अक्षर-अंकांत बसतो. उजवी पापणी असती तर २ च्या जागी १ आला असता. आत काच राहिली असती तर एस०१.१२२ए. कुत्रा चावला असता तर एस०१.१५२ए, आणि त्याला जोडून कुत्र्याच्या चाव्याचा स्वतंत्र कोड, डब्ल्यू५४.०एक्सएक्सए. जखम भरत आली आणि रुग्ण नुसता तपासणीला परत आला की शेवटचा ए जाऊन डी येतो. वर्षभराने त्याच जखमेच्या व्रणामुळे पापणी नीट मिटेनाशी झाली, तर तिथे एस लागतो.

मी मेडिकल कोडर आहे. राहते डोंबिवलीत, एमआयडीसीच्या निवासी विभागात. काम ऐरोलीला. डोंबिवलीहून लोकलने ठाणे, तिथे पूल चढून ट्रान्स-हार्बरची गाडी. त्या गाडीत माझ्यासारखे पुष्कळ असतात: मायक्रोबायोलॉजी घेऊन बी.एस्सी. झालेल्या मुली, फिजिओथेरपिस्ट, बी.फार्म. केलेले, होमिओपॅथीची पदवी असलेले. अमेरिकेतल्या रुग्णालयांच्या इमर्जन्सी विभागातले चार्ट आमच्या पडद्यावर येतात. डॉक्टरांनी लिहिलेलं वाचायचं आणि त्यातून निदानाचे, उपचारांचे आणि इजेच्या कारणाचे कोड लावायचे, हा आमचा धंदा. ओहायोतल्या एखाद्या मुलाची पापणी कशाने कापली, कुठे कापली, कितपत खोल कापली, हे मला बिनचूक ठाऊक असतं. ते घरात झालं असेल तर स्वयंपाकघराचा कोड वेगळा आणि न्हाणीघराचा वेगळा.

माझ्या स्वतःच्या शहरात मात्र ही माहिती कुणाकडेच नाही, आणि मला त्याचं मनापासून वाईट वाटतं. म्हणून हा लेख. ठाणे आणि कल्याण-डोंबिवलीतल्या प्रत्येक कॅज्युअल्टीत जखमेसोबत तिचं कारण आणि ठिकाण लिहिलं गेलं पाहिजे, आणि त्याला कोड लागला पाहिजे. हे काम करणारी माणसं याच शहरांत राहतात.

२६ मे २०१६ रोजी डोंबिवली एमआयडीसीत प्रोबेस एंटरप्रायझेस या कारखान्यात स्फोट झाला. १२ जणांचा जीव गेला. २३ मे २०२४ रोजी, जवळपास त्याच तारखेला, फेज दोनमधल्या अमुदान केमिकल्समध्ये रिअ‍ॅक्टर फुटला. किमान १० जण गेले, साठहून अधिक जखमी झाले. दोन्ही वेळा कारखान्यापासून कितीतरी लांबच्या इमारतींच्या काचा फुटल्या. निवासी विभागात, सोनारपाड्याकडे, मानपाडा रस्त्यावर दुकानांच्या आणि घरांच्या काचांचा खच पडला होता. त्या काचांचे पंचनामे झाले. कुणाच्या किती खिडक्या, कुणाचं शटर, कुणाची गाडी, असं सगळं लिहून घेतलं गेलं. माणसांच्या बाबतीत बातम्यांतून आणि निवेदनांतून आमच्यापर्यंत पोहोचला तो एकच शब्द आणि एकच आकडा: इतके जखमी. त्यात भाजलेले किती, काच लागलेले किती, ज्यांच्या डोळ्यांत किंवा पापणीत काच गेली असे किती, ते खिडकीशी उभे होते की रस्त्यावर, यातलं काहीही मला आजवर वाचायला मिळालेलं नाही.

दुसऱ्या स्फोटाच्या वेळी आमच्या सोसायटीतल्या एक काकू स्वयंपाकघराच्या खिडकीशी ओट्याजवळ उभ्या होत्या. काच आली ती डाव्या डोळ्याच्या खाली, नाकाच्या बाजूला. भाच्याने त्यांना रिक्षात घालून एका दवाखान्यात नेलं. तिथे त्या दुपारी काय गर्दी उसळली असेल, हे कुणी सांगायला नको. टाके पडले, इंजेक्शन दिलं, घरी पाठवलं. काही महिन्यांनी काकू माझ्याकडे आल्या, कारण डोळ्यातून सारखं पाणी गळायचं आणि बायका विचारायच्या, काय झालं, रडताय का. मी केसपेपर मागितला. त्यावर इंग्रजीत एक ओळ होती: सीएलडब्ल्यू लेफ्ट आयलिड, सुचर्ड, टीटी गिव्हन.

सीएलडब्ल्यू म्हणजे ठेचून फाटलेली जखम. आपल्याकडच्या कॅज्युअल्टीत दगड लागो, काच लागो की रिक्षाचा पत्रा, बहुतेक सगळ्यालाच ही तीन अक्षरं लागतात. पापणी वरची की खालची, ते त्या ओळीत नव्हतं. जखम किती लांब, पापणीच्या कडेपर्यंत गेली होती का, नाकाकडच्या कोपऱ्यात होती का, आत काच शोधली का, बुबुळ तपासलं का, काहीच नव्हतं. स्फोट हा शब्दसुद्धा नव्हता. तो कागद उद्या दुसऱ्या कुणाच्या हाती पडला तर काकू बाथरूममध्ये घसरून पडल्या, असंही त्याला वाटू शकेल.

पापणीच्या जखमेत हे तपशील का लागतात, ते थोडं सविस्तर सांगते, कारण सगळी गोम त्यातच आहे. वरच्या आणि खालच्या पापणीच्या कडेवर, नाकाकडच्या टोकाला, टाचणीच्या टोकाएवढं एकेक छिद्र असतं. आरशात खालची पापणी जराशी ओढून पाहिलीत तर दिसेल. डोळ्यातलं पाणी त्या छिद्रातून बारीक नळीत जातं आणि तिथून नाकात उतरतं. रडल्यावर नाक गळतं ते याचमुळे. ती नळी चामडीच्या अगदी जवळून जाते. काच, नायलॉनचा मांजा किंवा कुत्र्याचा दात नाकाकडच्या कोपऱ्यात लागला की ती सहज कापली जाते, आणि वरून पाहिलं तर जखम किरकोळ दिसते. वरची चामडी नीट शिवली जाते, आतली नळी मात्र तुटलेलीच राहते. ती जोडायची तर पहिल्या एक-दोन दिवसांत, सिलिकॉनची बारीक नळी आत घालून, डोळ्यांच्या सर्जनकडून जोडून घ्यावी लागते. उशीर झाला की व्रण धरतो आणि काम फार अवघड होऊन बसतं. वरच्या पापणीत आणखी एक धोका असतो. पापणी उचलणारा स्नायू तुटलेला असू शकतो. जखमेतून पिवळी चरबी बाहेर दिसली तर ती जखम नुसती कातडीची नाही, हे ओळखायचं असतं.

म्हणूनच चांगल्या चार्टमध्ये जे नाही तेही लिहिलेलं असतं. मी रोज वाचते तो मजकूर साधारण असा: डाव्या खालच्या पापणीवर दोन सेंटिमीटरची जखम, कड शाबूत, अश्रुनलिका शाबूत, चरबी दिसत नाही, डोळ्याचा गोळा ठीक, काचेचा तुकडा शोधला, सापडला नाही. हे लिहायचं म्हणून तरी डॉक्टरांना तिथे बघावं लागतं. हे कोड ज्यातून येतात त्या आजार-इजांच्या वर्गीकरणाच्या, म्हणजे आयसीडीच्या, जुन्या, नवव्या अमेरिकी आवृत्तीत पापणीची साधी जखम ८७०.०, आरपार गेलेली ८७०.१ आणि अश्रुमार्ग कापणारी ८७०.२ असे वेगवेगळे कोडच होते. अमेरिकेने १ ऑक्टोबर २०१५ पासून दहावी आवृत्ती घेतली. तिच्यात पापणीची जखम एस०१.१ मध्ये गेली आणि अश्रुनलिकेची इजा एस०५.८ मध्ये, वेगळ्या घरात. दोन्ही लावायचे असतात. माझ्या मते जुनी रचना या एका बाबतीत बरी होती, नुसता कोड निवडतानाच प्रश्न समोर यायचा. आता तो प्रश्न डॉक्टरांनी आणि आम्ही आठवणीने विचारावा लागतो. चार्टमध्ये लिहिलं नसेल तर आम्ही काहीही गृहीत धरत नाही. डॉक्टरांना क्वेरी जाते, आणि उत्तर येईपर्यंत तो चार्ट पुढे सरकत नाही.

काकूंच्या केसपेपरवर क्वेरी पाठवणारं कुणी नव्हतं. पुढे त्यांचं ऑपरेशन झालं आणि क्वेरी आली ती विमा कंपनीच्या बाजूने. इजा कशामुळे झाली? मद्यप्राशन केलं होतं का? एमएलसीची, म्हणजे रुग्णालयाने पोलिसांसाठी केलेल्या नोंदीची, किंवा एफआयआरची प्रत जोडा. विमा नियामकाने ठरवून दिलेल्या क्लेमच्या फॉर्ममध्ये रुग्णालयाने भरायचा भाग असतो. त्यात आयसीडी-१० कोडसाठी चौकोन आहेत, इजेचं कारण विचारणारा रकानाही आहे. म्हणजे कोड आपल्याकडे नाहीत असं नाही. फक्त पैशाचा प्रश्न आला की ते आठवतात, आणि तोवर खरी माहिती लिहायची वेळ निघून गेलेली असते. केसपेपरवर कारणच नव्हतं, म्हणून काकूंनी शेवटी वर्तमानपत्रातलं स्फोटाच्या बातमीचं कात्रण जोडलं. क्लेम मंजूर झाला. वारं सुटलं की त्यांचा डोळा अजून गळतो.

आमच्या वर्गीकरणात स्फोटाने उडालेल्या काचेसाठी ठरलेला क्रम आहे. काचेने कापणं हा डब्ल्यू२५, पण काच स्फोटाने उडाली असेल तर आधी डब्ल्यू३५ ते डब्ल्यू४० या गटातला स्फोटाचा कोड लावायचा. कारण काच निमित्तमात्र, मूळ कारण स्फोट. दोन्ही मे महिन्यांतल्या जखमींना हे दोन कोड लावले असते, सोबत ठिकाण लिहिलं असतं, तर कारखान्यापासून किती अंतरापर्यंत काचांनी डोळे जायबंदी केले याचा नकाशा आपल्या हातात असता. कुठल्या रस्त्यापर्यंत शाळांच्या आणि दवाखान्यांच्या खिडक्यांना लॅमिनेटेड काच किंवा फिल्म सक्तीची करायची, हे त्यावरून ठरवता आलं असतं. आज ते अंदाजानेही सांगता येत नाही.

हे अशक्य कोटीतलं नाही. १९ एप्रिल १९९५ रोजी अमेरिकेत ओक्लाहोमा सिटीतली सरकारी इमारत बॉम्बने उडवली गेली. नंतर डॉक्टरांनी बचावलेल्या ६८४ जखमींच्या नोंदी तपासल्या. त्यांतल्या ५५ जणांच्या डोळ्यांना इजा होती, म्हणजे शंभरात आठ. जवळपास दोनतृतीयांश इजा काचेने झालेल्या होत्या. गंभीर इजांत सर्वांत जास्त होत्या त्या पापणी आणि भुवईवरच्या जखमा. त्यावरून खिडक्यांना कोणती काच वापरावी, बसायच्या जागा खिडकीपासून दूर कशा ठेवाव्यात, याच्या शिफारशी निघाल्या. त्याही आधी, ६ डिसेंबर १९१७ रोजी, कॅनडातल्या हॅलिफॅक्स बंदरात दारूगोळ्याचं जहाज पेटलं. लोक ते बघायला खिडक्यांशी जमले होते, तेवढ्यात स्फोट झाला. सुमारे ५,९०० जणांच्या डोळ्यांना इजा झाली. पुढच्याच वर्षी कॅनडात अंधांसाठी राष्ट्रीय संस्था उभी राहिली. हॅलिफॅक्सने एक गोष्ट जगाला शिकवली, ती आमच्या निवासी विभागातल्या प्रत्येक शाळेत शिकवायला हवी: मोठा आवाज झाला किंवा धूर दिसला तर खिडकीशी धावू नका, खिडकीपासून मागे व्हा. डोंबिवलीत आवाज झाला की आपण सगळे गॅलरीत येतो.

स्फोट काही रोज होत नाहीत, हे खरं. खड्डे मात्र रोज असतात. जुलै २०१८ मध्ये कल्याणच्या शिवाजी चौकात खड्ड्यामुळे दुचाकीवरून पडलेल्या महिलेचा चाकाखाली येऊन मृत्यू झाला, ते दृश्य कल्याणकर विसरलेले नाहीत. १३ ऑक्टोबर २०२५ रोजी मुंबई उच्च न्यायालयाच्या न्या. रेवती मोहिते डेरे आणि न्या. संदेश पाटील यांच्या खंडपीठाने आदेश दिला, की खड्ड्यामुळे किंवा उघड्या मॅनहोलमुळे मृत्यू झाल्यास कुटुंबाला ६ लाख रुपये, आणि जखमींना इजेच्या स्वरूपानुसार ५० हजार ते अडीच लाख रुपये भरपाई मिळावी. फार मोठा आदेश आहे हा. पण भरपाई मागणाऱ्याच्या हातात कागद कोणता असणार? घोडबंदर रस्त्यावर किंवा कल्याण-शिळ रस्त्यावर खड्ड्यात चाक गेलं, माणूस तोंडावर आपटला, चष्म्याची काच पापणीत शिरली. केसपेपरवर लिहिलं जातं ‘फॉल फ्रॉम बाइक’, पुष्कळदा तेही नाही. खड्डा हा शब्द त्या क्षणी, त्या कागदावर आला नाही, तर सहा महिन्यांनी भरपाई ठरवणाऱ्या समितीपुढे तो कुठून आणायचा? इजेच्या स्वरूपानुसार रक्कम ठरणार असेल तर नुसत्या ‘आयलिड’ या शब्दावरून पन्नास हजार ठरवायचे की दोन लाख?

नायलॉन मांजाचंही तसंच. राष्ट्रीय हरित लवादाने जुलै २०१७ मध्ये त्यावर देशभर बंदी घातली. तरी डिसेंबर २०२३ मध्ये मुंबईत वाकोला पुलावर दुचाकीवरून घरी निघालेल्या पोलिस शिपायाचा गळा मांजाने चिरला आणि त्यांचा जीव गेला. मृत्यू झाला की बातमी होते. गाल, भुवई, पापणी कापून टाके घालून घरी गेलेल्यांची बातमी होत नाही आणि नोंदही होत नाही. बंदीचा उपयोग होतोय की नाही, हे मग कशावरून ओळखायचं?

आपली यंत्रणा मोजूच शकत नाही, असं मात्र कुणी म्हणू नये. साथरोग सर्वेक्षणाच्या फॉर्ममध्ये कुत्र्याच्या चाव्याला आणि सर्पदंशाला रकाना आहे, म्हणून ते आकडे गावागावांतून वर जातात. रस्ते अपघातांसाठी पोलिसांकडे केंद्राची ऑनलाइन नोंद प्रणाली आहे, आणि ती ज्या राज्यांत पहिल्यांदा राबवली त्यांत महाराष्ट्र होता. पण जो पोलिसांकडे गेलाच नाही तो त्यात येत नाही. मोठ्या रुग्णालयांत रेकॉर्ड विभाग असतो, तिथे दाखल झालेल्या रुग्णांना आयसीडी कोड लागतातही. पापणी कापलेला माणूस दाखल कशाला होईल? तासाभरात टाके घालून तो घरी येतो, आणि त्याचा केसपेपर त्याच्याच पिशवीत येतो. नेमक्या ज्या इजा सगळ्यांत जास्त होतात, त्याच मोजणीबाहेर राहतात.

कोडिंगला पुष्कळजण विम्याच्या बिलाचं काम समजतात. माझ्या पोटापाण्यापुरतं ते खरंही आहे. पण या वर्गीकरणाचा जन्म बिलासाठी झालेला नाही. पॅरिसच्या सांख्यिकी विभागाचे प्रमुख जाक बर्तिय्याँ यांनी १८९३ मध्ये मृत्यूच्या कारणांची यादी मांडली, ती एका शहरातले मृत्यू दुसऱ्या शहराशी ताडून बघता यावेत म्हणून. १९४८ मध्ये ती जागतिक आरोग्य संघटनेकडे आली आणि आजार-इजाही तिच्यात आल्या. शहराने स्वतःला ओळखावं, हा तिचा मूळ हेतू. आज संघटनेची अकरावी आवृत्ती लागू आहे. १० जानेवारी २०२४ ला दिल्लीत तिच्यातलं आयुर्वेद, सिद्ध आणि युनानीचं प्रकरणही प्रसिद्ध झालं. वैद्यांच्या निदानाला कोड मिळाला याचा मला आनंद आहे. शास्त्रीनगर रुग्णालयात किंवा रुक्मिणीबाई रुग्णालयात रात्री येणाऱ्या जखमेलाही तो मिळावा, एवढीच इच्छा आहे.

ड्यूटीवरच्या डॉक्टरांवर आणखी एक काम लादू नका, हा आक्षेप मला मान्य आहे. रात्री एकटा मेडिकल ऑफिसर, बाहेर रांग, नातेवाईकांचा आरडाओरडा, हे मी पाहिलं आहे. कोड डॉक्टरांनी लावायचाच नाही. अमेरिकेतही डॉक्टर हजारो कोड पाठ करत नाहीत, ते काम आमचं. डॉक्टरांनी लिहायचं ते चार-पाच शब्दांत मावतं: कुठला डोळा, वरची की खालची पापणी, कड आणि नाकाकडचा कोपरा शाबूत आहे का, कशाने लागलं, कुठे लागलं. केसपेपरवर शिक्का मारून रकाने छापले तर टिक करूनही भागेल. कारणाचा कोड अमेरिकेतही देशभर सक्तीचा नाही, काही राज्यांनी तो आपल्यापुरता सक्तीचा केला. म्हणजे दिल्लीची वाट बघायची गरज नाही. महापालिकेने आपल्या रुग्णालयांपुरतं ठरवलं तरी पुरे. रुग्णाचं नाव कोडमध्ये नसतंच, त्यामुळे खासगीपणाचाही प्रश्न येत नाही.

कल्याण-डोंबिवली महापालिकेने शास्त्रीनगर आणि रुक्मिणीबाई या दोन रुग्णालयांपासून सुरुवात करावी. ठाणे महापालिकेने कळव्याच्या छत्रपती शिवाजी महाराज रुग्णालयापासून करावी. तिथे वैद्यकीय महाविद्यालयच आहे, शिकाऊ डॉक्टरांना पहिल्या दिवसापासून ही सवय लागेल. प्रत्येक कॅज्युअल्टीला एक कोडर नेमावा. आमच्या धंद्यात नव्याने आलेली, परीक्षा देऊन नोकरी शोधणारी मुलं या भागात भरपूर आहेत. दर महिन्याला प्रभागवार तक्ता निघावा: खड्ड्याने किती, मांजाने किती, काचेने किती, कुत्र्याने किती, आणि तो रस्ते विभागाच्या आणि पोलिसांच्या टेबलावर जावा.

माझ्यासोबत काम करणाऱ्या काहीजणींशी मी बोलले आहे. सुरुवातीला रविवारी येऊन आम्ही विनामोबदला बसायला तयार आहोत. गेल्या पावसाळ्याची कॅज्युअल्टीची रजिस्टरं, नावं झाकून, आम्हाला द्या. ज्या नोंदींत कारण सापडेल त्यांना कोड लावून देऊ. जिथे सापडणार नाही तिथे आमच्या पद्धतीप्रमाणे क्वेरी लिहून ठेवू, म्हणजे केसपेपरवर कोणते रकाने छापायचे ते पालिकेला त्यावरूनच कळेल.